साखरवहिनींची प्यादेमात

आमच्या साखरवहिनी बुद्धिबळात शह देताना तोंडाने बोलत नाहीत. पटाच्या लाकडी कडेवर बोटाने एकदा टक् करतात. मात असेल तर दोनदा. ही सवय त्या सून म्हणून आल्या तेव्हापासूनची आहे, आणि ती कशी लागली ते आधी सांगितलं पाहिजे. नाहीतर दौंडला जे झालं ते नीट कळायचं नाही. मला लिहिण्याचा सराव नाही, त्यामुळे सांगता सांगता मागेपुढे झालं तर सांभाळून घ्यावं.

वहिनी म्हणजे माझे थोरले बंधू जयसिंग रासकर यांची बायको. कवठे येमाईला आमचा मळा आहे. शेवंती, झेंडू, कडेला मेथी-कोथिंबीर. मी रेल्वेत लागलो आणि दौंडचा झालो. भाऊ आणि वहिनी मळ्यात राहिले. वहिनी लग्न होऊन आल्या त्याच वर्षी आमचे वडील, ज्यांना सगळे आबा म्हणत, विहिरीच्या पायरीवरून घसरले आणि खुब्याचं हाड मोडून बाजेवर पडले. आबांना शेतीनंतर एकच नाद, बुद्धिबळाचा. गावच्या सुताराने घडवलेली सागवानी मोहरी होती. एक हत्ती कधीतरी हरवला होता, त्याच्या जागी बाभळीचा ढलपा ठेवत. पण खेळायला कोण? त्यांचे जोडीदार मास्तर बदली होऊन गेलेले. जयसिंगदादाला कामातून सवड नाही. मी शाळकरी, दोन चाली झाल्या की माझं लक्ष बाहेर. शेवटी एक दिवस आबा आईला म्हणाले, "सुनबाईला म्हणावं, बस समोर. शिकवतो."

वहिनी पदर पुढे ओढून बसल्या. सासऱ्याशी थेट बोलायची तेव्हा पद्धत नव्हती. आता शह म्हणायचा तर तोंड उघडावं लागणार. पहिल्यांदा शह बसला तेव्हा त्या नुसत्या बसून राहिल्या. आबांनी बघितलं नाही, दुसरीकडेच चाल केली, आणि राजा मारात राहिला. मग वहिनींनी पटाच्या कडेवर बोटाने टक् केलं. आबा हसले. म्हणाले, "दार वाजलं वाटतं. राजेसाहेब, निघा आता."

त्या दिवसापासून आमच्या घरात टक् म्हणजे शह.

आबांचे नियम जुने, देशी. राजाला शह बसलेला नसेल तर तो एकदा घोड्यासारखा उडू शकतो. प्यादं शेवटच्या घराला पोचलं की ज्या मोहऱ्याच्या घरात पोचेल तेच मोहरं होतं. घोड्याच्या घरात गेलं तर घोडा, मग वजीर मेलेला असला तरी वजीर मागायचा नाही. आणि सगळ्यात महत्त्वाचं, समोरच्याचं शेवटचं मोहरं, अगदी प्यादं असलं तरी, खायचं नाही. एकटा राजा उरला की बुर्जी झाली, डाव बरोबरीत सुटला, सगळी मेहनत पाण्यात. म्हणून आबा सारखं म्हणायचे, "एक तरी शिल्लक ठेव. एकट्या राजाला मारण्यात कसली मर्दुमकी?"

मात करण्यातही दर्जे होते. वजिराने मात केली तर आबा नुसते हूं म्हणायचे. हत्तीने केली तर बरं म्हणायचे. प्याद्याने केली तर मात्र बाजेवर उठून बसायचे, दुखणं विसरून. वहिनींनी पुढे पुढे आबांना कितीतरी डाव हरवलं. पण प्यादेमात काही झाली नाही. आबा चिडवायचे, "प्यादेमात करशील तवा म्हणीन, हरवलंस मला. वजिरानं काय, कुणीबी मारतंय."

ती व्हायच्या आतच आबा गेले.

त्यानंतर वहिनींना खेळायला कोणी उरलं नाही. देवळाच्या कट्ट्यावर माणसं खेळायची, पण तिथे बाईने जाऊन बसायचं नसतं. मी सणासुदीला गेलो की दोन डाव व्हायचे आणि दोन्ही मी हरायचो. एकदा यात्रेला शिरूरचे एक पाहुणे आले होते. आपण तालुक्यात कुणाला ऐकत नाही असं सांगत होते. ओसरीवर वहिनींशी बसले आणि हरले. दुसऱ्या दिवशी कट्ट्यावर त्यांनी सांगितलं, घरातला डाव होता, गप्पा मारता मारता खेळलो, त्यात काय एवढं. वहिनींच्या कानावर ते आलं. मला वाटतं ते त्यांना लागलं होतं, कारण नंतर कोणीही खेळू म्हटलं की त्या म्हणायच्या, "नगं. त्यो डाव मोजत न्हाईत."

गेल्या वर्षी जुलैत नागपूरच्या मुलीने महिलांचा विश्वचषक जिंकला. टीव्हीवर तेच चाललं होतं. मी तेव्हा मळ्यातच होतो. वहिनी शेवंतीची रोपं खुरपून आल्या, हातपाय धुतले आणि पदराला हात पुसत टीव्हीसमोर उभ्या राहिल्या. त्यांचा मुलगा पप्पू मोबाइलवर कुठली तरी यादी बघत होता.

"काय बघतोस रं?"

"खेळाडूंची यादी हाय, आई. रेटिंगची. हे बघ, आपल्या पुणे जिल्ह्यातले किती हायेत. ही पोरगी तर दुसरीत हाय."

"ह्यात नाव कसं येतंय?"

"स्पर्धेत जावं लागतं. ज्यांना रेटिंग हाय त्यांच्याशी खेळावं लागतं."

"म्हंजी ते डाव मोजत्यात?"

"समदे मोजत्यात."

"हरलेला बी?"

"हरलेला बी."

वहिनी म्हणाल्या, "मग मला जायचंय."

जयसिंगदादा ओसरीवर होते, तिथूनच ओरडले, "आन् फुलांचा तोडा कोण करील? शेवंती काय उंट-घोडं तोडणार हायेत?"

"दिवाळीचा बाजार झाला की जाते. एकदाच. जमलं तर जमलं. न्हाई जमलं तर पट माळ्यावर टाकते आन् पुन्हा तोंडातनं नाव काढत न्हाई."

"तोंडातनं तू कवा काढलंस? टक् टक् तर करतीस."

सगळे हसले, वहिनीही हसल्या. पण त्या एकदा म्हणाल्या की म्हणाल्या, हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं. पट खरंच माळ्यावर गेला असता.

पप्पूने मोबाइलवरून नाव नोंदवलं. दौंडला स्टेशनजवळच्या एका मंगल कार्यालयात दोन दिवसांची खुली स्पर्धा होती, पाच फेऱ्यांची. वहिनी आठवडाभर आधी माझ्याकडे आल्या, येताना मेथीच्या जुड्यांनी भरलेली पिशवी घेऊन. मी रेल्वेत असताना नवे नियम शिकलो होतो. ते त्यांना समजावले. राजा उडत नाही, त्याऐवजी हत्तीबरोबर किल्लेकोट होतो. प्यादं पहिल्यांदा दोन घरं जाऊ शकतं. कुठल्याही घरात पोचलं तरी वजीर मागता येतो. मोहऱ्याला हात लावला की तेच हलवावं लागतं. बुर्जी नाही. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि पाठ म्हणून दाखवलं. मला वाटलं, झालं काम.

पण पाठ असणं वेगळं आणि हाताला माहीत असणं वेगळं, हे पहिल्याच फेरीत कळलं.

शनिवारी सकाळी सभागृहात रांगेने टेबलं मांडलेली. बहुतेक खेळाडू तरुण, बरीच मुलं. नऊवारीत एकट्या वहिनी. मी दोरीच्या अलीकडे, बघणाऱ्यांत. त्यांच्यासमोर रांजणगावच्या कंपनीतला एक तरुण होता. डाव बरा चालला होता. मग समोरून हत्ती चाल करून आला आणि वहिनींनी शांतपणे आपला राजा उचलून घोड्यासारखा उडवला.

त्या तरुणाने हात वर केला. पंच आले. सत्यजीत नावाचे, तिशीतले, चेहऱ्याने गरीब.

"काकू, राजा असा जात नाही."

"आमच्यात एकदा जातो की. शह न्हाई बसला अजून."

"इथं नाही जात. पुन्हा झालं तर डाव जाईल बघा."

वहिनींनी राजा परत ठेवला. त्या लाजेने इतक्या गोंधळल्या की पुढचा डाव त्यांचा राहिलाच नाही. दुसऱ्या फेरीत शह देताना टक् केलं. समोरच्या मुलीने तक्रार केली, लक्ष विचलित होतं म्हणून. सत्यजीत पुन्हा आले. "काकू, टेबल वाजवायचं नाही." वहिनी म्हणाल्या, "मग शह दिला हे कळायचं कसं?" "ते त्यांचं त्यांनी बघायचं, काकू." हे वहिनींना फार चमत्कारिक वाटलं. त्या तोही डाव हरल्या. बोट सारखं कडेवर जाईल म्हणून पुढच्या डावापासून उजवा हात मांडीखाली धरून बसायला लागल्या. चाल करायला काढायचा, पुन्हा मांडीखाली.

तिसरी फेरी मात्र त्या जिंकत होत्या. माझ्यासारख्यालाही दिसत होतं. दोन हत्ती, एक वजीर, आणि समोर फक्त राजा आणि एक प्यादं. हत्ती नुसता पुढे सरकवून प्यादं खायचं, मग पोराचा खेळ. वहिनी ते खाईनात. त्या प्याद्याच्या भोवतीने राजाला गाठत राहिल्या. प्यादं एकेक घर पुढे येत गेलं आणि वजीर झालं. त्या वजिराने शह देऊन आधी त्यांचा वजीर खाल्ला, मग एक हत्ती. तोही डाव गेला. पुढचं मी बघितलं नाही. बाहेर जाऊन पाणी प्यायलो.

घरी आल्यावर भाकऱ्या थापता थापता वहिनी म्हणाल्या, "भावजी, ते प्यादं खायला पायजे होतं न्हाई?"

"खायलाच हवं होतं. वहिनी, इथं बुर्जी नसते हो. सांगितलं होतं ना मी?"

"डोक्याला ठाऊक हाय. हाताला न्हाई."

"उद्या असा प्रसंग आला तर?"

"खाईन. शप्पथ."

रविवारी सकाळची चौथी फेरी एका फार चांगल्या खेळाडूशी पडली आणि वहिनी लवकरच हरल्या. आता एकच उरली. मी धीर करून सत्यजीतना गाठलं. अशा ठिकाणी जाऊन विचारायला मला नेहमी संकोच वाटतो, पण राहवेना. त्यांनी आकडेमोड करून पाहिली. म्हणाले, "पाचही जण रेटिंगवाले मिळालेत, ते चांगलं झालं. पण काका, आता शेवटचा डाव जिंकायलाच हवा. बरोबरी झाली तर अर्धा गुण मिळेल, त्यावर नाव लागणार नाही."

मी हे वहिनींना सांगावं की नाही, असा प्रश्न पडला. शेवटी सांगितलं. त्या डबा खात होत्या. "मग जिंकायला बसू," म्हणाल्या, आणि लोणच्याची फोड माझ्याकडे सरकवली.

समोर आल्या नीलम नावाच्या बाई. बारामतीला कॉलेजात शिकवतात, असं नंतर कळलं. त्यांनी बसताना नमस्कार केला. डाव लांबला. बाकीची टेबलं एकेक करून रिकामी झाली आणि बघणारे आमच्या दोरीपाशी जमले. मोहरी कमी कमी होत गेली. शेवटी वहिनींकडे राजा, एक उंट आणि बऱ्याच पुढे गेलेलं एक प्यादं. नीलमबाईंकडे राजा आणि एक प्यादं. ते प्यादंही धावत सुटलेलं. आणखी तीन घरं आणि वजीर.

वहिनींनी मांडीखालून हात काढला आणि उंटाने शह दिला. आता राजाला दोन वाटा होत्या. नीलमबाईंनी खूप विचार केला आणि राजा कोपऱ्यात नेला. आणि मला दिसलं की त्यांचं ते शेवटचं प्यादं वहिनींच्या त्याच उंटाच्या तोंडात आहे. एक घर तिरपं. फुकट. खायचं, मग आपलं प्यादं पुढे नेऊन वजीर करायचा, संपलं.

खा, मी मनात म्हणालो. शेजारचा माणूस माझ्याकडे बघायला लागला, म्हणजे बहुतेक मोठ्याने म्हणालो असेन.

वहिनींचा हात उंटावर गेला. तिथे थांबला. हात लावला की तेच हलवावं लागतं, हे त्यांच्या पक्कं लक्षात होतं. बोटं उंटाच्या वर, पण टेकलेली नव्हती. बोटं तशीच. मग हात मागे आला. त्यांनी आपलं प्यादं उचललं, एक घर पुढे ठेवलं, घड्याळ दाबलं आणि हात मांडीखाली घेतला.

पुन्हा तेच. पुन्हा बुर्जीची भीती. आता ते प्यादं धावेल, वजीर होईल, आणि पट माळ्यावर जाईल. आबांनी शिकवलं तेच शेवटी यांना बुडवणार, असं माझ्या मनात आलं. मी तिकडे बघणंच सोडलं. भिंतीवर कुणाच्या तरी लग्नातली वाळलेली तोरणं होती, त्यांच्याकडे बघत राहिलो.

थोड्या वेळाने खुर्ची सरकल्याचा आवाज आला. बघतो तर नीलमबाई उभ्या राहून हात पुढे करत होत्या आणि वहिनी तो हातात घेत होत्या. मला वाटलं वहिनींनी डाव सोडला. मी दोरीखालून वाकून आत गेलो, असं करायची परवानगी नसते तरी गेलो, आणि म्हणालो, "जाऊ द्या वहिनी. खूप खेळलात. जाऊ द्या."

वहिनी माझ्याकडे बघायला लागल्या. "काय जाऊ द्या?"

"काका," सत्यजीत म्हणाले, "मात झाली. काकू जिंकल्या."

मी पटाकडे नीट बघितलं. राजा कोपऱ्यात. वहिनींच्या प्याद्याचा शह. एका बाजूचं घर उंटाने धरलेलं, बाकीची राजाने. जायला जागाच नाही. ते इतकं समोर होतं आणि मी उंटाच्या तोंडातल्या प्याद्यापलीकडे काही बघितलंच नव्हतं.

नीलमबाई हसत होत्या, थोड्या रडवेल्याही होत्या. "काकू, तुम्ही ते प्यादं खाल्लं असतं ना, तर माझ्याकडे एकही चाल उरत नव्हती. शह नाही आणि हलायला घर नाही. स्टेलमेट झाला असता, बरोबरी. मी मुद्दाम कोपऱ्यात गेले होते. नव्वद टक्के लोक खातात."

बरोबरी. म्हणजे अर्धा गुण. म्हणजे यादीत नाव नाही. आणि ते खा म्हणून मीच मनात, किंवा मोठ्याने, ओरडत होतो. मी जवळची खुर्ची ओढून बसलो. कुणीतरी मला पाणी आणून दिलं.

"व्हय का?" वहिनी नीलमबाईंना म्हणाल्या. "मला ते दिसलंच न्हाई बाई."

"मग खाल्लं का नाहीत?" मी विचारलं.

"शप्पथ घेतली व्हती तुमच्यापुढं, म्हणून खायलाच चालले व्हते. उंटावर हात गेला बी. तेवढ्यात प्याद्याकडं नजर गेली आन् प्यादेमात दिसली. मग खाण्याचं भान कुणाला ऱ्हातंय?" असं म्हणून त्यांनी सत्यजीतकडे बघितलं. "सायेब, डाव संपला न्हवं?"

"संपला, काकू."

"मग आता वाजवू का?"

सत्यजीतना क्षणभर कळलं नाही. कळल्यावर ते म्हणाले, "वाजवा, काकू."

वहिनींनी मांडीखालचा हात काढला आणि टेबलाच्या कडेवर बोटाने दोनदा टक् टक् केलं. मग पदर सारखा केला आणि विचारलं, मुतारी कुठं हाय.

दुसऱ्या दिवशी मी त्यांना शिरूरपर्यंत सोडायला गेलो. स्टँडवर जयसिंगदादांचा फोन आला. वहिनींनी स्पीकर लावता येत नाही म्हणून माझ्या हातात दिला.

"काय झालं रं संपत? पट माळ्यावर का ओसरीवर?"

"ओसरीवर, दादा."

पलीकडून ऐकू आलं ते बाजेच्या पायावर काहीतरी आपटल्यासारखं, दोनदा. वहिनींनी ऐकलं. "येड लागलंय," म्हणाल्या, पण गाडीत बसेपर्यंत हसत होत्या.

पुढच्या महिन्याच्या पहिल्या तारखेला मी मुद्दाम कवठ्याला गेलो. वहिनी वाफ्यात होत्या. पप्पू मोबाइल घेऊन बांधावरून धावत आला. नाव होतं. रासकर, साखरबाई, आणि पुढे चौदाशेच्या थोडा वरचा आकडा. पप्पूने कट्ट्यावर जाऊन सगळ्यांना दाखवलंसुद्धा होतं. तिथल्या दोघांनी संध्याकाळी डाव खेळायला येऊ का, असं विचारलं होतं.

वहिनींनी ओला हात पदराला पुसून मोबाइल धरला, लांब धरला, जवळ धरला.

"ह्यात ते चार हरलेले बी धरलेत न्हवं?"

"धरलेत, आई. पाची धरलेत."

"मग बरोबर हाय," वहिनी म्हणाल्या. मोबाइल परत दिला. "त्यास्नी म्हणावं, या. पण तोडा झाल्यावर. आन् येताना आपला हत्ती घेऊन या म्हणावं, आमच्यात एक कमी हाय."